मागे ठेवलेली खोली

१

मंगळवारी आणि गुरुवारी सकाळी सात वाजता मी कौन्सिलची पिकअप मिस पास्कोंच्या फाटकाशी लावायचो. हॉर्न वाजवायचा नाही, हा त्यांचा नियम. त्या आधीच पायरीवर उभ्या असायच्या. डोक्यावर कापडी टोपी, हातात चहाचा थर्मास, काखेत वर्तमानपत्रात गुंडाळलेल्या मटण-बटाट्याच्या दोन पास्ट्या. एक त्यांची, एक माझी. मग आमच्या डॉसन गावाहून पन्नास किलोमीटर कच्चा रस्ता, आणि त्याच्या शेवटी हॅनलन्स रीफ.

शेवटी, म्हणजे काहीच नाही. लाल माती, गुडघाभर खारी झुडपं, उन्हाने जांभळट पडलेल्या फुटक्या बाटल्या, आणि खाणीतून काढलेल्या राखाडी मातीचा एक सपाट डोंगर. सोन्याची शीर सापडली तेव्हा सहा महिन्यांत इथे गाव उभं राहिलं होतं. तीन हजार माणसं, तीन हॉटेलं, बिअरचा कारखाना, पितळी वाद्यांचा बँड. शीर आटली तेव्हा गाव तितक्याच घाईने उठलं. माणसं जाताना घरंही घेऊन गेली. आमच्या मुलखात लाकूड मिळत नाही आणि पत्रा कुणी टाकून देत नाही. घर खोलायचं, आगगाडीवर चढवायचं, पुढच्या गावात पुन्हा उभं करायचं. १९२३ साली शेवटची गाडी गेली आणि पाठोपाठ रूळही उचलले.

पासष्ट वर्षांनी कौन्सिलला जाग आली, की हौशी प्रवासी मोटारी घेऊन येतात, त्यांना निदान कळावं इथे काय होतं. पाट्या लावायच्या ठरल्या. 'येथे पोस्ट ऑफिस होते.' 'येथे बेकरी होती.' खड्डे मी खणायचे, जागा मिस पास्कोंनी दाखवायच्या. तिथे जन्मलेलं दुसरं कुणी हयात नव्हतं. त्या अकरा वर्षांच्या असताना गाव सुटलं. पुढे चाळीस वर्षं त्यांनी डॉसनच्या शाळेत शिकवलं.

कौन्सिलच्या ऑफिसातल्या ग्लेनिसने मला बजावलं होतं, "तुलिओ, म्हातारीला उन्हात वाळवू नकोस. आणि वाद घालू नकोस तिच्याशी. माझ्या आईचे कान पिळलेत तिने, तुझे सोडेल होय?"

पहिल्याच दिवशी मी पोस्टाच्या जागेवरून बँकेच्या जागेकडे सरळ चालायला लागलो. मागून आवाज आला.

"कुठे निघालास?"

"बँक तिकडे म्हणालात ना? सरळ गेलं तर वीस पावलं."

"मिसेस ट्रेगियरच्या स्वयंपाकघरातून? तुझ्या आईने हेच शिकवलं तुला?"

मी हसलो. त्या हसल्या नाहीत. त्या मोकळ्या मैदानात मिस पास्को काटकोनात वळून, एकेकाळच्या रस्त्याने, फुटपाथच्या कडेकडेने बँकेपर्यंत आल्या. तिसऱ्या आठवड्यात माझ्या ध्यानात आलं, की मीही तसाच चालतोय. हॉटेलाच्या कोपऱ्यावर वळण घेताना मी अंग जरा चोरतो. तिथे कमरेइतकं झुडूप होतं, दुसरं काही नव्हतं.

२

आपलं घर त्यांनी सगळ्यात शेवटी ठेवलं होतं.

जागा सापडायला अवघड गेली नाही. चुलाण्याच्या चार विटा आणि फाटकाचा एक खांब तिथे होता. त्या म्हणाल्या, "इथे नुसती पाटी नको. खुंट्या आणि दोरी आण. भिंती आखून घेऊ."

"एवढं कौन्सिलने नाही सांगितलं, मिस पास्को."

"कौन्सिलला घरातलं काय कळतं?"

मी टेप धरला, त्या आकडे सांगत गेल्या. पुढची खोली बारा बाय बारा. आईची खोली बारा बाय दहा. स्वयंपाकघर. मी खुंट्या ठोकून पांढरी दोरी ताणली. त्या फाटकाच्या खांबाशी थांबल्या, पाय पुसल्यासारखे केले आणि आत आल्या. स्वयंपाकघराच्या मागे जाऊन म्हणाल्या, "आता इथे. बारा बाय दहा. दार या बाजूला, सव्वादोन फूट."

मी हातोडी खाली ठेवली. त्यांच्या डॉसनच्या घरात मी कितीदा चहा प्यालो होतो. ते घर म्हणजे हेच घर, इथून सुटं करून गाडीवरून नेलेलं. त्यात पुढची खोली होती, निजायची खोली होती, स्वयंपाकघर होतं. संपलं.

"तुमच्या घरात तीनच खोल्या आहेत," मी म्हटलं.

"हो. चौथी आणली नाही."

"म्हणजे मोडकी होती?"

"मोडकी कशाला असेल? चांगली होती." त्यांनी दोरीचं टोक माझ्या हातात दिलं. "ताठ धर. दार नीट यायला हवं."

३

मी चिकित्सक माणूस आहे असं नाही, पण सुताराच्या हाताखाली पाच वर्षं काढली आहेत. अशा घरांना मागे गोणपाटाची पडवी असे, चुना फासलेली. ती कुणी नेत नसे. म्हाताऱ्या बाईंना पडवी खोलीएवढी आठवत असेल. मी स्वतःची अशी समजूत घातली आणि ती मला पटलीही.

त्या शनिवारी त्यांच्या घराची पन्हळ बसवायला गेलो. स्वयंपाकघराच्या छताचे दोन पत्रे उचलावे लागले. आतल्या बाजूला पांढऱ्या रंगात आकडे होते. घर खोलताना असे आकडे घालतात, म्हणजे पुन्हा जोडताना घोळ होत नाही. अठ्ठावन्न, एकोणसाठ, साठ. पुढचा पत्रा एकोणऐंशी.

मी शिडी सरकवत सगळ्या घराभोवती फिरलो. पत्र्यांवर आणि चौकटींवर जिथे आकडा दिसेल तिथे वाचला. एक ते साठ. एकोणऐंशी ते एकशे चौदा. एकसष्ट ते अठ्ठ्याहत्तर कुठेच नव्हते. मधल्या अठरा तुकड्यांवरही कुणीतरी बसून आकडे घातले होते, ते न्यायचेच होते, आणि मग नेले नव्हते.

खाली मिस पास्को शिडी धरून उभ्या होत्या.

"आकडे कोणी घातले?" मी विचारलं.

"आईने. मी रंगाचा डबा धरला होता."

"आणि वडील?"

"ते आत झोपले होते," त्या म्हणाल्या. "खाली उतर आता. चहा गार होतोय."

४

पुढच्या मंगळवारी त्यांना दाताच्या डॉक्टरकडे जायचं होतं. मी एकटाच गेलो. आठ वाजून गेले होते, ऊन अजून कोवळं होतं. शाळेची राहिलेली पाटी रोवली, मग पाय आपसूक पास्कोंच्या घराकडे वळले. रस्त्याने गेलो. फाटकातून आत गेलो, पुढच्या खोलीतून स्वयंपाकघरात. कावळे ओरडत होते. आमच्याकडचे कावळे रडक्या पोरासारखे लांबवून ओरडतात, दिवसभर. माश्या डोळ्यांत जात होत्या.

मग मी त्या सव्वादोन फुटांच्या फटीतून चौथ्या खोलीत पाय टाकला.

कावळे थांबले. ते उडून गेले नव्हते. ते मला दिसत होते, खाणीच्या डोंगरावर, चोची उघडत होते. आवाज येत नव्हता. माश्या दोरीपाशी घुटमळत होत्या, आत येत नव्हत्या. पायाखालची माती थंड होती, बुटाच्या तळव्यातून कळावी इतकी. कापराचा आणि ओल्या फडक्याचा वास होता. वर उघडं निळं आभाळ, आणि मला मात्र असं वाटत होतं की छत खाली आहे, मान जरा वाकवावी.

भीती वाटली नाही. तेच पुढे मला जास्त खुपत राहिलं. आजाऱ्याच्या खोलीत गेल्यावर माणूस जसा हळू श्वास घेतो, तसा मी घेत होतो. कुणाची झोपमोड होऊ नये म्हणून.

बाहेर आलो तेव्हा कावळ्यांचा गलका कानावर आदळला. पिकअपमध्ये बसून तीन पेले पाणी प्यालो. ऊन लागलं, मी स्वतःला सांगितलं. पण सकाळचे साडेआठ वाजले होते, आणि माझे हात गार होते.

५

ग्लेनिसला मी दफनभूमीची वही बघायला सांगितलं. हॅनलन्स रीफची वही कौन्सिलकडे पूर्ण आहे. पहिल्या टायफॉइडपासून शेवटच्या बाळापर्यंत एकेक नाव.

"पास्को नाही," ती म्हणाली. "डॉसनच्या वहीत आई आहे, एकोणीसशे एकसष्ट. वडील कुठेच नाहीत. पळून गेला असेल दुसरीबरोबर. सोन्याच्या गावातले पुरुष, काय सांगावं? तुझ्या घरात कोण कोण पळालं ते विचारू का?"

"माझ्या बापाला खाणीनेच खाल्लं," मी म्हटलं. "छातीत धूळ भरून."

तिची थट्टा थांबली. "सॉरी, तुलिओ."

बापाला मी शेवटी भेटलो नव्हतो. तो इस्पितळात होता, मी कामाच्या पाळीवर. भिंतीपलीकडून कितीही माणसं खोकली तरी तो खोकला मी ओळखला असता. कोरडा, तळातून ओढून काढलेला, आणि मध्येच तुटणारा.

गुरुवारी पास्टी खाताना मी मिस पास्कोंना सरळ विचारलं. "वडिलांचं काय झालं?"

त्यांनी थर्मासचं झाकण पुसलं.

"दोन महिने अंथरुणावर होते. धूळ. तुला माहीतच आहे ती. डॉक्टर आधीच गाव सोडून गेला होता. शेवटची गाडी दोन वाजता होती. रात्रभर खोकून पहाटे त्यांचा डोळा लागला. आई म्हणाली, झोपू दे, आवाज करू नका. आम्ही पुढची खोली खोलली, मग तिची, मग स्वयंपाकघर. शेजाऱ्यांनी हात लावला. सगळे कुजबुजत बोलत होते. एवढं घर खोललं, पण एक खिळा खाली पडल्याचा आवाज झाला नाही."

"आणि मग?"

"दीड वाजला. ते झोपलेलेच होते. आई आत गेली. बाहेर आली आणि तिने दार ओढून घेतलं. हळूच. मला म्हणाली, आपटू नकोस."

"ते गेले होते का, मिस पास्को? झोपेतच?"

"मी अकरा वर्षांची होते, तुलिओ. आईने सांगितलं झोपलेत, म्हणजे झोपलेत." त्यांनी चहा ओतला. "गाडीतून मला खोली दिसत होती. मैदानात एकटी. बराच वेळ दिसत होती, एवढीशी होईपर्यंत. आई होती तोवर तिने मला इकडे फिरकू दिलं नाही. ती गेल्यावर मी आले एकदा. दार खूप शोधलं. पण भिंती कुठे होत्या ते कळल्याशिवाय दार कुठे ते कसं कळणार?"

तेव्हा मला समजलं की पाट्यांची कल्पना कौन्सिलची नव्हती. मागाहून ग्लेनिसने फाइल दाखवली. त्यात मिस पास्कोंची पत्रं होती, नऊ वर्षांची, सुंदर अक्षरातली.

६

पुढच्या मंगळवारी त्यांनी निळा झगा घातला होता आणि केस विंचरून बांधले होते. पास्ट्या तीन होत्या.

"तू गाडीपाशी थांब," त्या म्हणाल्या. "मला घरात जायचंय."

मी अडवायला हवं होतं. शहात्तर वर्षांची बाई, आजूबाजूला जुने खाणीचे खड्डे. पण शाळेतल्या बाईंना काय म्हणून अडवणार? त्या रस्त्याने गेल्या. खांबाशी पाय पुसले. पुढची खोली, स्वयंपाकघर. चौथ्या खोलीच्या दाराशी थांबून त्यांनी कमरेच्या उंचीवर हात पुढे केला, कडीला करतात तसा.

आणि एक वीतभर अंधार उघडला.

त्या झगझगीत उन्हात, झुडपांच्या मध्ये, एक उभी फट, वीतभर रुंद. आत पांढऱ्या भिंतीचा तुकडा दिसला. लोखंडी पलंगाचा गज, त्यावर पुरुषाचा बनियन वाळत घातलेला. तो किंचित हलत होता. मग मिस पास्को मध्ये आल्या, आणि मग तिथे नुसतं मैदान होतं.

पिकअपच्या घड्याळात नऊ वाजून दहा मिनिटं झाली होती. इथली जमीन ताटासारखी आहे. तीन किलोमीटरवर कांगारू उभा राहिला तरी दिसतो. मी हाका मारत धावलो. जवळचे दोन्ही खड्डे पाहिले, त्यांच्यावरच्या जाळ्या जागेवर होत्या. परत येऊन दोरीपाशी उभा राहिलो. त्यांच्या पावलांचे ठसे दारापर्यंत आले होते. दोरीच्या आतली माती कुणी झाडून काढल्यासारखी साफ होती.

आत पाऊल टाकायचा मला धीर झाला नाही. मी उकिडवा बसलो आणि कान दिला. आवाज येत होते. शेजारच्या घरातले येतात तसे, भिंतीतून गाळून. शब्द कळत नव्हते. एक बाई बोलत होती, मध्येच थांबत होती, पुन्हा बोलत होती. चमचा कपात फिरला. एकदा कुणीतरी हसलंसुद्धा. आणि मग तो खोकला आला. कोरडा, तळातून, मध्येच तुटणारा. मी पंचावन्न वर्षांचा माणूस, पण दोन्ही हात तोंडावर दाबून बसलो होतो.

दहा वीसला त्या बाहेर होत्या. मी त्याच जागेकडे डोळे लावून होतो, तरी कधी आल्या ते मला सांगता येणार नाही. टोपी सारखी करत होत्या. झग्याच्या दोन्ही बाह्या कोपरापर्यंत ओल्या होत्या. त्यातून पाणी ठिबकत होतं. त्या मैदानात सात महिने पाऊस नव्हता आणि थर्मास गाडीत होता.

"चल," त्या म्हणाल्या. मी गाडी सुरू केली.

अर्ध्या वाटेवर त्या आपणहून बोलल्या. "ते विचारत होते, बाहेर कोण आहे तुझ्याबरोबर."

मी रस्त्यावरून नजर हलवली नाही. "मग?"

"खोटं कशाला बोलू? तुझं नाव सांगितलं."

७

ऑक्टोबरात मिस पास्को गेल्या. दुपारी खुर्चीत बसल्या बसल्या. पुरायला अर्धं डॉसन आलं होतं, सगळे त्यांचे विद्यार्थी. त्याआधी त्या आणखी चार वेळा त्या खोलीत गेल्या होत्या. दर वेळी बाह्या ओल्या. दर वेळी मी गाडीपाशी, पाठ करून.

पंधरा दिवसांनी ग्लेनिसने पाटी आणि निरोप दिला. "पास्कोंची पाटी बसव, आणि त्या दोऱ्या-खुंट्या काढून टाक. एखादी बाई पाय अडकून पडली तर कौन्सिलच्या गळ्याशी येईल."

सकाळी आठला पोचलो. पाटी रोवली. पुढच्या खोलीच्या खुंट्या उपटल्या, आईच्या खोलीच्या उपटल्या, स्वयंपाकघराच्या उपटल्या. चौथीच्या पहिल्या खुंटीवर हात ठेवला आणि कावळे गप्प झाले.

"तुलिओ?"

पुरुषाचा आवाज. खोल, दमलेला, अदबीने हाक मारणारा. अनोळखी माणसाचं नाव पहिल्यांदा घेताना मारावी तशी. माझ्या हाताखालची खुंटी गार पडली होती.

"थर्झा आली नाही आज?"

थर्झा म्हणजे मिस पास्को. ते नाव मी त्यांच्या पत्रांखालच्या सहीत वाचलं होतं, कुणी तशी हाक मारलेली कधी ऐकली नव्हती. काय सांगायचं होतं मी? कसंबसं म्हटलं, "नाही."

मग तो खोकला, आणि पलंगाचा गज कुरकुरला.

"मग तू येतोस का? पाणी संपलंय."

मी पळून जायला हवं होतं असं तुम्ही म्हणाल. पिकअप तीस पावलांवर होती, किल्ली तिच्यातच होती. मी पिकअपपर्यंत गेलोही. हात किल्लीवर होता. पण मागून पुन्हा खोकला ऐकू आला, आणि माझा बाप इस्पितळात पाणी मागत असताना मी तिथे नव्हतो, हे मला कुणी सांगायची गरज नव्हती. मी पाण्याचा कॅन उचलला. रस्त्याने आलो. कमरेच्या उंचीवर हात पुढे केला, आणि हाताला कडी लागली. लोखंडाची, वापरून गुळगुळीत झालेली.

घड्याळाप्रमाणे मी चाळीस मिनिटं आत होतो. तिथलं काही मी कुणाला सांगितलं नाही. त्या खुंट्या मात्र मी काढल्या नाहीत. ग्लेनिसला सांगितलं की लोकांना आखलेली खोली बघायला आवडते. तिने माझ्या तोंडाकडे पाहिलं, माझ्या ओल्या बाह्यांकडे पाहिलं, आणि "बरं" म्हणाली. दोरी कुजली की मी नवी बांधतो. त्याला आता सोळा वर्षं झाली.

त्या पहिल्या दिवशी मी निघताना मिस पास्कोंच्या वडिलांनी डोळे मिटले होते. झोप लागली असं समजून मी दार हळूच ओढायला लागलो. तेवढ्यात ते म्हणाले, "तुलिओ, तुझ्यानंतर कोण?"

ग्लेनिसचं नाव माझ्या जिभेवर आलं. का आलं कोण जाणे, रोज घेतो ते नाव म्हणून असेल. मी दात घट्ट मिटून घेतले. जबडा दुखेपर्यंत मिटून धरले. ते वाट बघत होते, घाई न करता. त्यांना भरपूर वेळ होता.

"अजून मी आहे ना," मी म्हटलं.